समारिनात माणसं किती? आधी तारीख सांगा

गावाची लोकसंख्या किती हा प्रश्न म्हणजे शाळेतल्या भूगोलासारखा, एक आकडा पाठ करायचा की काम झालं. पण ग्रीसमधल्या समारिना या गावाबद्दल कुणी विचारलं ना, तर आधी त्यालाच उलट विचारायचं की बाबा जानेवारीतली सांगू की ऑगस्टमधली? जानेवारीत तिथे बर्फ, बंद खिडक्या आणि मोजकी माणसं. १५ ऑगस्टला गेलात तर चौकात खुर्ची मिळणं मुश्कील. आणि सरकारी वहीत जो आकडा असतो तो या दोन्हींशी जुळेलच असं नाही. खरं तर सरकारी वह्याच तीन आहेत, त्यांच्याकडे नंतर येऊ.

आधी गाव कुठे आहे ते बघू. ग्रीसच्या वायव्य भागात पिंदोस नावाची डोंगररांग आहे, त्यात स्मोलिकास हा २,६३७ मीटर उंचीचा डोंगर, ऑलिंपस सोडला तर देशात त्याच्याहून उंच कुणी नाही. त्याच्या उतारावर साधारण १,४०० ते १,४५० मीटरवर हे गाव बसलंय, जिल्हा ग्रेवेना. समारिनावाले आपलं गाव ग्रीसमधलं सगळ्यात उंच म्हणून मिरवतात, अजून एकदोन गावं पण तेच म्हणतात, त्या भांडणात आपण कशाला पडा. मुद्दा एवढाच की हिवाळ्यात इथे मेंढीला खायला एक काडी मिळत नाही. या गावाचं सगळं गणित त्या एका गोष्टीवर चालतं.

इथले लोक व्लाख. इंग्रजीत त्यांना अरोमानियन म्हणतात. ते राहतात ग्रीसमध्ये, चर्च ऑर्थोडॉक्स, बहुतेक जण स्वतःला अगदी ठामपणे ग्रीकच समजतात, पण घरातली जुनी भाषा मात्र लॅटिनमधून आलेली, रोमानियनची सख्खी बहीण म्हणा. घराला कासा, पाण्याला आपा. (आपा ऐकलं की आपल्याला लगेच संस्कृतातलं आप आठवतं आणि काहीतरी शोध लागल्यासारखं वाटतं, पण तसं नाहीये, ते लॅटिन आक्वाचं घासून घासून आपा झालंय.) रोमन राज्य बाल्कनमधून गेलं, मागे ही भाषा डोंगरात राहिली. आता ती बोलणारे म्हातारे होत चाललेत, पोरांना चार शब्द आणि लग्नातली गाणी येतात एवढंच.

तर हे व्लाख पिढ्यान् पिढ्या मेंढ्या घेऊन वर-खाली करत आले. उन्हाळ्यात वर समारिनाला, हिवाळ्यात खाली थेसालीच्या मैदानात, म्हणजे तिर्नावोस, लारिसा, एलासोना या बाजूला. लोकांना वाटतं हे फक्त चाऱ्यासाठी, पण दुसरी बाजू पण आहे. थेसालीचं मैदान उन्हाळ्यात भट्टी असतं आणि दुसऱ्या महायुद्धानंतर डीडीटी फवारायला लागेपर्यंत तिथे मलेरियाचा कहर होता. त्यामुळे वर जाणं हे मेंढीला जितकं गरजेचं तितकंच लेकराबाळांना पण.

तारखा ठरलेल्या. २३ एप्रिल, सेंट जॉर्जचा दिवस, त्याच्या आसपास वर निघायची तयारी. २६ ऑक्टोबर, सेंट दिमित्रिओसचा दिवस, तेव्हा खाली. पूर्वी गडी ठेवायचे, कुरणाचं भाडं ठरवायचं, दुधाचा सौदा करायचा, सगळे करार याच दोन तारखांना सुरू आणि याच दोन तारखांना खलास. देवाचे सण तर होतेच, पण या लोकांचं आर्थिक वर्षही त्यांच्यावरच चालायचं.

आता इथे एक गोष्ट नीट समजून घ्यायला हवी, कारण गडबड इथेच होते. आपल्या डोक्यात चित्र येतं की दोनचार मेंढपाळ कळप घेऊन डोंगरात गेले आणि बायकापोरं गावात राहिली. इथे तसं नव्हतं. इथे अख्खं गाव हलायचं. बायका, म्हातारे, पाळण्यातली बाळं, पाद्री, मास्तर, दुकानदार, शिंपी, सगळे. भांडीकुंडी, गोधड्या, कोंबड्या खेचरांवर लादून आठवडा दीड आठवडा चालत, रात्री रस्त्यात मुक्काम टाकत. १९१० मध्ये ॲलन वेस आणि मॉरिस थॉम्पसन असे दोन ब्रिटिश पुरातत्ववाले तिर्नावोसहून अशाच एका ताफ्याबरोबर निघाले आणि समारिनापर्यंत गेले, नंतर १९१४ मध्ये त्यांनी व्लाखांवर पुस्तक काढलं, द नोमॅड्स ऑफ द बाल्कन्स, आजही या गावाबद्दल कुणी काही लिहायला बसलं की आधी तेच उघडतं. गंमत म्हणजे दोघं मूळचे मातीखालची खापरं शोधणारे, आणि नाव राहिलं ते चालत्या माणसांवर लिहिल्यामुळे पण.

मेंढ्यांचं संघटन पण बघण्यासारखं होतं. एकट्या कुटुंबाला मोठं कुरण भाड्याने घेणं परवडायचं नाही, मग बरीच कुटुंबं एकत्र येऊन आपले कळप एका मोठ्या माणसाच्या हाताखाली आणायची. त्या माणसाला म्हणायचे त्सेलिंगास आणि त्या गटाला त्सेलिंगातो. तो जमीनमालकाशी बोलणार, कर भरणार, चीज आणि लोकर विकणार, सीझन संपला की हिशोब मांडून ज्याच्या त्याच्या मेंढ्यांच्या प्रमाणात वाटणी. सहकारी सोसायटी म्हणावं तर अध्यक्ष कायमचा आणि बहुतेक वेळा सगळ्यात श्रीमंत. गरीब मेंढपाळ त्याच्या उधारीत अडकलेला असायचा हेही तितकंच खरं, त्यामुळे जुनी पद्धत किती छान होती वगैरे गहिवर जरा बेतानेच काढावा.

आणि सगळेच काही मेंढ्यांमागे नव्हते. काही खेचरवाले, मालवाहतूक करणारे. काही चर्चच्या भिंतींवर चित्रं काढणारे, समारिनाचे चितारी लांबलांबच्या गावांत जाऊन कामं करायचे. आणि बायका मागावर. त्या वेलेंद्झा नावाची जाड, केसाळ, लोकरीची पांघरुणं विणायच्या. त्याची शेवटची स्टेप मला फार आवडते. विणलेलं कापड घेऊन ओढ्याकाठी जायचं, तिथे जमिनीत लाकडी फळ्यांचा एक मोठा पिंपासारखा खड्डा केलेला, वर रुंद, खाली निमुळता, आणि वरून लाकडी पन्हाळीतून डोंगराचं गारेगार पाणी जोरात त्यात सोडलेलं. कापड आत टाकलं की ते गरागरा फिरत राहतं, तास न् तास, साबण नाही, मशीन नाही, आणि त्या माराने लोकर आटते, घट्ट होते, वरचा केस फुगून येतो. बाहेर काढलं की पाण्याने एवढं जड की एकट्या माणसाला उचलत नाही. आज दुकानात फ्लोकाती म्हणून जो पांढरा केसाळ गालिचा मिळतो, तो याच घराण्यातला.

शेजारच्या अवदेला गावचे यानाकी आणि मिल्तोन मनाकी हे दोन भाऊ, बाल्कनमध्ये सिनेमा कॅमेरा फिरवणाऱ्या पहिल्या लोकांपैकी, त्यांनी १९०५ च्या सुमाराला आपल्या गावच्या सूत कातणाऱ्या, विणणाऱ्या बायकांचं शूटिंग केलं. त्यात त्यांची आजी पण आहे, तिचं वय ११४ सांगतात. आता ११४ खरं की किती खरं ते सोडा, जन्मदाखला कुणी बघितलाय. पण लोकसंख्येच्या लेखात ही म्हातारी यायलाच हवी, कारण या डोंगरातला कुठलाही आकडा असाच असतो, थोडा मोजलेला आणि थोडा सांगितलेला.

बरं, मग हे एवढं जिवंत गाव रिकामं कसं झालं? एका झटक्यात नाही झालं. पहिला घाव बसला नकाशाचा. १८८१ पर्यंत वरचा डोंगर आणि खालचं मैदान दोन्ही ऑटोमन राज्यात होतं, म्हणजे एकाच मालकाच्या दोन खोल्यांत जा-ये. १८८१ मध्ये थेसाली ग्रीसला मिळालं, समारिना मात्र तुर्कांकडेच राहिलं. म्हणजे हिवाळ्याचं घर एका देशात आणि उन्हाळ्याचं दुसऱ्या. मेंढीला काय कळतंय बॉर्डर, पण माणसाला कागद दाखवा, जकात भरा, शिपायांशी हुज्जत घाला, आणि १८९७ मध्ये तर दोन्ही देशांची लढाईच झाली. ही भानगड १९१२ मध्ये संपली, बाल्कन युद्धात ग्रेवेनाचा भाग ग्रीसकडे आला तेव्हा. मधल्या काळात आणखी एक डोकेदुखी, व्लाखांची भाषा रोमानियनसारखी म्हणून रोमानियाने त्यांच्यासाठी शाळा काढल्या, ग्रीक बाजूने त्याला कडक विरोध केला, १९०५ मध्ये सुलतानाने व्लाखांना वेगळा समाज म्हणून मान्यता दिली आणि मग गावागावांत, कधी एकाच घरात, दोन पार्ट्या.

दुसरा घाव जास्त खोल होता आणि त्याबद्दल कमी बोललं जातं. १९२३ च्या लोकसंख्या अदलाबदलीत तुर्कस्तानातून सुमारे १२ लाख निर्वासित ग्रीसमध्ये आले. त्यांना जमीन द्यायची होती. शिवाय थेसालीतल्या मोठ्या जमीनदारांच्या जमिनी फोडून कुळांना द्यायचं काम पण त्याच काळात जोरात सुरू झालं. दोन्ही गोष्टी न्याय्यच, कोण नाही म्हणेल. पण ज्या मोकळ्या रानावर समारिनाच्या मेंढ्या हिवाळा काढायच्या ते रानच नांगराखाली गेलं, तिथे गहू आला. वरचं कुरण शाबूत, खालचं गेलं, आणि अर्ध्या वर्षाच्या चाऱ्यावर मेंढी जगत नाही. पूर्वी डोंगर आणि मैदान मिळून एक घर होतं, त्यातला खालचा मजलाच काढून घेतला. डोंगरातलं गाव ओस पडलं की आपण कारण डोंगरातच शोधत बसतो, रस्ता नव्हता, दवाखाना नव्हता वगैरे. इथे एक मोठं कारण शंभर-दीडशे किलोमीटरवरच्या गव्हाच्या शेतात होतं.

मग युद्धं. २८ ऑक्टोबर १९४० ला इटलीने हल्ला केला, त्यांची ज्युलिया ही डोंगरी डिव्हिजन पिंदोसमधून आत घुसली आणि नोव्हेंबरच्या सुरुवातीला समारिनाच्या परिसरात लढाई झाली, कर्नल दावाकिसच्या तुकडीने त्यांना थोपवलं. तारीख बघा, २६ ऑक्टोबरला गाव खाली उतरायची वेळ आणि २८ ला हल्ला. म्हणजे सैन्य आलं ते जवळजवळ रिकाम्या गावात. पिंदोसच्या बायका पाठीवर दारूगोळा घेऊन बर्फात चढल्या त्याच्या कथा ग्रीसमध्ये आजही शाळेत सांगतात. पुढे १९४१ मध्ये ग्रीस जर्मनी-इटलीच्या ताब्यात गेल्यावर समारिनातच १८९३ मध्ये जन्मलेला अल्किवियादिस दियामांदी हा माणूस इटालियनांना सामील झाला आणि व्लाखांचं वेगळं राज्य काढायला निघाला, बहुतेक व्लाखांनी त्याला भीक घातली नाही आणि १९४२ मध्ये तो रोमानियाला पळाला. गावात आजही हा विषय कुणी हौसेने काढत नाही.

त्यानंतर १९४६ ते ४९ चं नागरी युद्ध, ते तर याच डोंगरांत, ग्रामोस आणि आसपास. सरकारने डोंगरातली गावं रिकामी करवली, देशभरात साधारण सात लाख माणसं घराबाहेर पडली. काही उन्हाळे समारिनाला वर जाणंच शक्य नव्हतं. आणि सवय एकदा मोडली की ती तशी परत येत नाही. खाली मलेरिया गेला होता, शाळा होत्या, नोकऱ्या होत्या. लोकांनी लारिसात, त्रिकालात, ग्रेवेनात पक्की घरं बांधली. मेंढ्या अजून जातात वर, पण ट्रकमधून, आठवड्याचा रस्ता काही तासांत. २०१९ मध्ये युनेस्कोने ग्रीस, इटली आणि ऑस्ट्रियाच्या या मोसमी स्थलांतराला वारसा यादीत घातलं. चांगलंच आहे, पण वारसा म्हणून नाव लागलं की ओळखायचं, रोजचं राहिलं नाही.

आता वह्यांकडे येऊ. समजा एक आजोबा आहेत, मूळ समारिनाचे. राहतात लारिसाला. आणि जनगणनेच्या दिवशी नेमके थेस्सालोनिकीला मुलीकडे गेलेत. तर त्यांना कुठे धरायचं?

ग्रीसमध्ये याची तीन उत्तरं आहेत. एक, कायदेशीर लोकसंख्या. प्रत्येक नागरिकाचं नाव कुठल्या तरी नगरपालिकेच्या रजिस्टरमध्ये असतं, आणि ते बहुतेक वेळा बापजाद्यांच्या गावात तसंच राहू दिलेलं असतं. त्या हिशोबाने आजोबा समारिनाचे, म्हणजे आता ग्रेवेना पालिकेचे. या आकड्यावरून मतदारसंघाला खासदार किती ते ठरतं, आणि नाव जिथे, मत पण तिथे, म्हणून इलेक्शनला ग्रीसचे रस्ते सुट्टी लागल्यासारखे भरतात. दोन, प्रत्यक्ष लोकसंख्या, त्या दिवशी माणूस जिथे सापडला तिथला. म्हणजे थेस्सालोनिकी. तीन, कायम रहिवासी, वर्षाचा बराचसा काळ जिथे काढतो ते. म्हणजे लारिसा. माणूस एक, वह्या तीन, गावं तीन, आणि कुणीही खोटं बोलत नाहीये.

बराच काळ भाव होता दुसऱ्या वहीला, त्या दिवशी सापडलेल्यांच्या. त्याचं काय व्हायचं ते उघड आहे, जनगणनेच्या दिवशी गावोगावच्या मंडळींनी शहरातून बसगाड्या करून माणसं गावी न्यायची, जेवण, वाइन, गप्पा, फॉर्मवर नाव, आणि संध्याकाळी परत. फसवाफसवी म्हणायला मन धजत नाही माझं, कारण आकडा खाली गेला की शाळा जाते, निधी जातो, आणि मग उरलेले पण जातात.

आणि समारिनासाठी खरा घोळ तारखेचा. १९२० ची जनगणना डिसेंबरात. १९४० ची १६ ऑक्टोबरला. १९५१ ची ७ एप्रिलला. पुढे १९६१, १९७१, १९९१, २००१ या सगळ्या मार्चमध्ये आणि १९८१ ची एप्रिलच्या सुरुवातीला. आता २३ एप्रिल आणि २६ ऑक्टोबर या दोन तारखा शेजारी ठेवा. सरकारचा माणूस जवळपास दर वेळी दार वाजवायला आला ते गाव खाली असताना किंवा खाली निघायच्या बेतात असताना! १९२८ ची मात्र १५ मेच्या सुमाराला होती, तेव्हाही काही बिऱ्हाडं पोचलेली आणि काही वाटेत असण्याचीच वेळ. म्हणजे या गावाच्या जुन्या आकड्यांची ओळ लावून कुणी ग्राफ काढला आणि बघा कसा चढउतार झाला म्हणाला, तर तो ग्राफ गावाचा कमी आणि सरकारी कॅलेंडरचा जास्त असतो. मला विचाराल तर जनगणना ऑगस्टमध्ये होत नाही हेच समारिनाचं सगळ्यात मोठं दुखणं.

२०११ पासून पैशाचं गणित कायम रहिवाशांवर गेलं, आणि त्याच वर्षी कालिक्रातिस नावाच्या सुधारणेने देशातल्या हजारावर पालिकांच्या ३२५ केल्या. तोवर समारिना स्वतंत्र कम्युनिटी होती, सुमारे ९७ चौरस किलोमीटरची, स्वतःचं ऑफिस, स्वतःचा प्रमुख. आता ग्रेवेना पालिकेत विलीन. २०२१ चं सेन्सस कोविडमुळे लांबलं, ऑक्टोबरात सुरू झालं, बऱ्याच लोकांनी घरबसल्या ऑनलाइन भरलं, म्हणजे पुन्हा ऑक्टोबरच. देशाची लोकसंख्या निघाली सुमारे १ कोटी ४ लाख ८० हजार, दहा वर्षांत तीनेक लाखांनी कमी, आणि एकूण लोकसंख्येतली एक तृतीयांशहून जास्त एकट्या अथेन्सच्या आत्तिका प्रांतात. डोंगरातल्या गावांच्या वाट्याला काय येणार ते यावरून कळतं.

पण १५ ऑगस्टला वर जा. मरियमचा सण, गावातल्या मोठ्या पानागिया चर्चचा दिवस. या चर्चच्या मागच्या गोल भिंतीच्या छपरावर एक पाइनचं झाड उगवलंय, चांगलं मोठं, आणि त्याचं मूळ आत किंवा बाहेर कुठेच दिसत नाही. भाविक म्हणतात चमत्कार, बाकीचे म्हणतात दगडांच्या फटीत असेल कुठेतरी, आणि दोघंही मान वर करून फोटो काढतात. सणाच्या दिवसांत चर्चच्या अंगणात त्सियात्सिओस नावाचा नाच होतो. वाजंत्री नसतात, नाचणारेच गातात, हातात हात गुंफून, एका ओळीमागे दुसरी ओळ, म्हातारे पुढे, मागे बाया, मग पोरं. लारिसाचा डॉक्टर, अथेन्सचा टॅक्सीवाला, जर्मनीतून रजा काढून आलेला कुणी, सगळे त्या साखळीत. एका गाण्यात या गावच्या पोरांची गोष्ट आहे, ग्रीक स्वातंत्र्ययुद्धातल्या १८२५-२६ च्या मेसोलोंगीच्या वेढ्यात लढायला गेलेली, मरणारा पोरगा सोबत्यांना सांगतो की घरी गेलात तर आईला मी मेलो म्हणू नका, लग्न झालं म्हणा. समारिना कधी न बघितलेल्या ग्रीक माणसाला पण ते गाणं येतं.

त्या अंगणात उभं राहून कुणी डोकी मोजली तर हजारांत जातील. मग सप्टेंबर लागतो, शाळा उघडतात, गाड्या एकेक करून उतरायला लागतात. ऑक्टोबरात पाइप फुटू नयेत म्हणून लोक घरातलं पाणी बंद करतात, नळ उघडे टाकून उरलंसुरलं काढून टाकतात, लाकडी झडपा आतून लावतात आणि किल्ली खाली घेऊन जातात.